परवान्याचं पुस्तक

गडचिरोली जिल्ह्याच्या धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) या गोंड गावाला २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक वनहक्क मिळाला. देवाजी तोफा आणि मोहन हिराबाई हिरालाल यांच्या साथीने ग्रामसभेने अनेक वर्षं एकमताने कारभार चालवला होता, त्याचं हे फळ. जंगलात बांबू भरपूर होता. ग्रामसभेने तो विकायचं ठरवलं आणि गाडी अडली ती वाहतूक परवान्यावर.

परवाना वनविभागाने द्यायचा. विभागाचा आधार १९२७ चा भारतीय वन कायदा. त्यात बांबू वृक्षांत मोजलेला. २००६ चा वनहक्क कायदा मात्र बांबूला स्पष्टपणे गौण वनोपज म्हणतो आणि त्याची मालकी गावाला देतो. वनस्पतिशास्त्रात बांबू गवताच्या कुळातला. तरीही जुन्या व्याख्येवर बोट ठेवून परवाना नाकारला गेला. बांबू गावाचा, पण तो नाक्यापलीकडे नेण्याचा अधिकार गावाला नाही, अशी स्थिती झाली. याच भागातला बांबू बल्लारपूरच्या कागद कारखान्याला दीर्घ मुदतीच्या करारावर वर्षानुवर्षं जात होता. जंगल राखणाऱ्यांना मात्र हिशेब विचारला जात होता.

गावाने माघार घेतली नाही. मार्च २०११ मध्ये केंद्रीय पर्यावरणमंत्री जयराम रमेश यांनी सर्व मुख्यमंत्र्यांना पत्र लिहून बांबू गौण वनोपज मानण्यास सांगितलं. २७ एप्रिल २०११ रोजी मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण यांच्यासह ते मेंढ्यात आले आणि परवान्यांचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिलं. पुढे २०१२ मध्ये वनहक्क नियमांत दुरुस्ती होऊन असे परवाने देण्याचा अधिकार ग्रामसभेच्या समितीकडे आला. चंद्रपूर जिल्ह्यातल्या गोंडपिपरी तालुक्यातलं पाचगावही आपल्या हक्काच्या जंगलातला बांबू स्वतः विकू लागलं. २०१७ मध्ये १९२७ च्या कायद्यातल्या वृक्षाच्या व्याख्येतून बांबू वगळला गेला. त्याचा फायदा वनक्षेत्राबाहेरच्या बांबूला झाला.

२००६ ते २०११ ही पाच वर्षं एकच गोष्ट शिकवतात. संसदेने दिलेला हक्क परवान्याच्या एका कागदापाशी अडू शकतो. म्हणून हक्कासाठी लढणाऱ्या प्रत्येक गावाने पट्ट्याबरोबर हेही विचारलं पाहिजे: सही कोणाची, शिक्का कोणाचा, पुस्तक कोणाकडे? कायदा गावाचा आणि पुस्तक दुसऱ्याचं, तर मालकी अर्धीच राहते.