थोरलीच्या कडेवरून शाळेच्या बसमध्ये

पुणे-सातारा रस्त्यावर भोरकडे वळताना कापूरहोळ लागतं. १४ मे १६५७ रोजी पुरंदरावर संभाजीराजे जन्मले. सईबाई आजारी, बाळाला दूध पुरेना. तेव्हा या गावच्या धाराऊ गाडे गडावर गेल्या आणि राजपुत्राच्या दूधआई झाल्या. दोन वर्षांनी सईबाई राजगडावर वारल्या. धाराऊंचं नाव आपण निष्ठेसाठी घेतो, ते ठीकच आहे. पण त्यांनाही मुलं होती. आई गडावर असताना त्यांच्याकडे कोणी पाहिलं, असं विचारताना मी तरी कोणाला ऐकलेलं नाही.

भोर-वेल्ह्यात मूल कोणाच्या हाती वाढायचं, हे मायेवरून कधी ठरलं नाही. माया सगळ्याच घरांत होती. सवड कोणाला आहे आणि कोणाची सवड कोणाच्या घरी खर्ची पडते, यावर ते ठरत आलं. गेल्या पन्नास-साठ वर्षांत बदलली ती या सवडीची वाटणी.

साठ-सत्तरच्या दशकातलं वेल्हे डोळ्यांपुढे आणायचं तर आधी पाऊस आणावा लागतो. तोरणा-राजगडाच्या उतारावर भाताची खाचरं, वर डोंगराला नाचणी-वरई. चार महिने धो धो पाणी आणि नंतर विहिरीला ठणठणाट. एवढ्यावर वर्ष निघत नाही, म्हणून घरचा कर्ता मुंबईला. कोणी माथाडी, कोणी गिरणीत, कोणी हॉटेलात. गावात उरायची बाई, सासू आणि पोरं. आवणीच्या दिवसांत सासूसुद्धा चिखलात. मग बांधावर बसायची आठ-नऊ वर्षांची थोरली. डोक्यावर इरलं, कडेवर धाकटं, एक डोळा गुरांवर. धाकटं रडलं की तिनं ते हलवायचं, तरीही नाही राहिलं की खाचरात वाकलेल्या आईकडे न्यायचं. आई चिखलाचे हात तसेच बाजूला धरून बांधावर टेकायची, पोरीनं बाळ तिच्या अंगाशी लावून धरायचं आणि पिऊन झालं की परत उचलायचं. कसं धरायचं, मान कुठं सावरायची, हे तिला कोणी शिकवलेलं नसायचं. तिच्या आधीच्या थोरलीकडे बघून ती शिकलेली.

अशा मुलांबद्दल शहाण्यासुरत्या माणसांचं मत ठरलेलं होतं: यांना वळण नाही. ते साफ चूक होतं. बीट्रिस आणि जॉन व्हाइटिंग या अमेरिकी मानवशास्त्रज्ञ दांपत्यानं पन्नासच्या दशकात सहा समाजांतल्या मुलांचा अभ्यास सुरू केला. त्यात उत्तर प्रदेशातलं खालापूर गावही होतं. १९७५ साली आलेल्या त्यांच्या पुस्तकात दिसतं ते असं, की ज्या समाजांत मुलांवर घरकामाचा आणि धाकट्यांना सांभाळण्याचा भार होता, तिथली मुलं दुसऱ्याला मदत करण्यात, आधार देण्यात पुढे होती. बांधावरच्या थोरलीला हे वाचून आश्चर्य वाटलं नसतं. मात्र याचा गोडवा गाण्यात अर्थ नाही. जबाबदारी तिला आली, पण अक्षर आलं नाही, आणि तिच्या शहाणपणावर शिकला तो बहुधा तिच्या कडेवरचा भाऊ.

त्याच वर्षांत भोर गावात दुसरंच बालपण चाललेलं होतं. पंतसचिवांचं संस्थान १९४८ साली मुंबई प्रांतात विलीन झालं, पण राजवाड्याभोवतीची वस्ती काही त्या दिवशी बदलली नाही. कारकून, वकील, शिक्षक, व्यापारी यांची घरं. दिवेलागणीला शुभंकरोती, मग परवचा, मग पाढे. चुकलं तर पुन्हा पहिल्यापासून. इथंही धाक होताच, पण रोख वेगळा होता: पोरानं गुरं आणायची नव्हती, परीक्षा पास व्हायची होती. आज्ञाधारकपणा दोन्हीकडे शिकवला जायचा. एकीकडे तो काम अडू नये म्हणून, दुसरीकडे नोकरी लागावी म्हणून. गंमत म्हणजे यातल्या एकालाच संस्कार म्हणायची पद्धत पडली. त्या घरांत परवचा घ्यायला वडील संध्याकाळी मोकळे असायचे आणि धुणीभांड्यांना बहुतेक बाहेरची बाई यायची, हे मात्र कोणी संस्कारांत धरलं नाही.

तिसरं बालपण नदीकाठच्या कातकरी वस्तीवर. दिवाळी झाली की अख्खं कुटुंब वीटभट्टीवर किंवा कोळशाच्या भट्टीवर. उचल आधीच घेतलेली. सांभाळायला मागं कोणी उरत नाही, म्हणून पोरंही बरोबर. शाळेच्या हजेरीपटावर त्यांची नावं पावसाळ्यापुरती जिवंत असायची. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी कोसबाडला गुरांमागच्या मुलांसाठी कुरणशाळा काढली, कारण मूल शाळेत येत नसेल तर शाळेनं मुलाकडे जावं, हे त्यांना उमगलं होतं. सरकारी शाळेला ते पचायला फार वर्षं लागली, आणि भट्टीवरच्या मुलापर्यंत ती अजूनही धड पोचत नाही.

मधल्या काळात बरंच काही आलं. अंगणवाडी आली आणि थोरलीच्या कडेवरचं ओझं निदान सकाळपुरतं उतरलं. १९९२ पासून आदिवासी, दलित, भटक्या समाजांतल्या पहिली ते चौथीच्या मुलींना हजेरीमागे रोज एक रुपया भत्ता सुरू झाला. रक्कम हसण्यासारखी, पण मुलीच्या वेळेला किंमत असते हे सरकारी कागदावर आलं. पुढं एसटीचा मोफत पास आला आणि हायस्कूल गाठणाऱ्या मुली वाढल्या. ज्ञान प्रबोधिनीनं या खोऱ्यात बायकांचे बचत गट उभे केले; बियाण्याला, दवाखान्याला आणि पोरांच्या शिक्षणाला स्वतःच्या सहीनं कर्ज काढणारी आई ही वेल्ह्यात नवी गोष्ट होती. अनंतराव थोपट्यांच्या राजगड ज्ञानपीठामुळे भोरलाच कॉलेज झालं.

धरणांनी मात्र उलटं केलं. भाटघरचं इंग्रजांच्या काळातलं. मग पानशेत, वरसगाव, नीरा-देवघर, गुंजवणी. गाव उठलं की नुसती जमीन जात नाही. आजी एका गावठाणात, चुलता दुसऱ्या तालुक्यात, आणि ज्या भावकीच्या अंगणात पोर कोणाच्याही घरी जेवून वाढायचं, ते अंगणच पाण्याखाली.

मग हमरस्ता रुंद झाला, शिरवळला कारखाने आले, जमिनीला भाव आला. वेल्ह्याच्या घरांतलं बालपण खऱ्या अर्थानं दुभंगलं ते इथं, आणि ते एकाच भावकीत दुभंगलं. ज्याची जमीन रस्त्याकडेला त्यानं प्लॉट विकले. त्याचं पोर पिवळ्या बसनं इंग्रजी शाळेत. दुसऱ्यानं धायरी-नऱ्हे-कात्रजला खोली घेतली. आई मुलांना घेऊन तिथं, बाप गावी भातशेतीला किंवा पुण्यातच ड्रायव्हर. आईचं पूर्णवेळ काम आता मुलाचा अभ्यास. डायरीतली इंग्रजी सूचना वाचता येत नाही, म्हणून ती फोटो काढून शेजारणीला किंवा शिकवणीच्या मॅडमला पाठवते. पालकसभेला इस्त्रीची साडी नेसून जाते, मागच्या बाकावर बसते आणि काही न विचारता परत येते. ॲनेट लॅरो या समाजशास्त्रज्ञ बाईंनी २००३ मध्ये अमेरिकी कुटुंबांवर लिहिलं, की मध्यमवर्गीय पालक मुलाला शाळेशी, डॉक्टरशी बोलायला, हक्कानं मागायला शिकवतात, तर कष्टकरी घरांत मोठ्यांपुढे गप्प राहणं शिकवलं जातं. मागच्या बाकावरच्या या आईनं फी भरली, खोलीभाडं भरलं. हक्कानं विचारणं काही विकत मिळालं नाही. मुलगी ते शिकेल कदाचित. सध्या ती आईच्या इंग्रजीची लाज वाटून घेण्याच्या वयात आहे.

आणि तिसरा भाऊ वाडीवरच राहिला. भाडं परवडत नाही, विकायला रस्त्याकडेची जमीन नाही. वाडीच्या शाळेचा पट उतरत गेला, कारण जमेल ते सगळे खाली गेले. २१ सप्टेंबर २०२३ च्या परिपत्रकात राज्य सरकारनं वीसपेक्षा कमी पटाच्या शाळा एकत्र करून समूह शाळा काढायचं ठरवलं, तेव्हा नमुने म्हणून दोन नावं घेतली: नंदुरबारचं तोरणमाळ आणि वेल्ह्यातलं पानशेत. आसपासच्या वाड्यांची मुलं बसनं पानशेतला आणायची. तिथं इमारत मोठी, वर्गाला शिक्षक, खेळायला सोबती. एका खोलीत चार इयत्ता आणि पाच मुलं, यापेक्षा ते बरंच आहे. मी त्याच्या विरोधात नाही.

पण कमी पटाच्या शाळांची यादी म्हणजे नुसती भूगोलाची यादी नव्हे. ज्यांना खोली घेता आली नाही अशा घरांची ती यादी आहे: धनगरवाडे, कातकरी वस्त्या, दोन खाचरांचे कुणबी. वाडीच्या शाळेत आई सरपणाची मोळी घेऊन येता-येता दारात थांबायची आणि गुरुजींना पोराचं विचारायची. पानशेतला जायचं तर तिचा रोज बुडतो.