रब्बी मेईर आणि मराठी कीर्तन

परवा गंगाघाटावर कीर्तन ऐकत होते. बुवांनी पूर्वरंगाचं निरूपण आवरून आख्यानाला हात घातला आणि मला रब्बी मेईर आठवले.

दुसऱ्या शतकातले हे ज्यू धर्मपंडित, रब्बी अकिबांचे शिष्य. तालमूद हा ज्यूंचा धर्मग्रंथ म्हणतो, त्यांच्या प्रवचनात एक तृतीयांश धर्मनियम, एक तृतीयांश कथा-निरूपण आणि एक तृतीयांश दृष्टान्त असत. कोल्ह्याच्या ३०० गोष्टी त्यांना येत. पुढच्या पिढ्यांकडे त्यातल्या तीनच उरल्या. केवढं हे नुकसान!

आपल्या महाराष्ट्रातल्या ज्यूंनी, म्हणजे बेने इस्रायलींनीही, निरूपण आणि कथेचा असाच मेळ घालत १८८० च्या सुमारास मुंबईत मराठी कीर्तनं सुरू केली. आख्यानं अब्राहाम, योसेफ, मोशे यांची, चाली साकी-दिंडीच्या. हे मला फार मोलाचं वाटतं.

कुणाकडे अशा आख्यानांची जुनी पुस्तकं आहेत का?