एव्हरेस्टवरून लवकर उतरलेलं बाळ

"आजोबा, मावशीचं बाळ पडलं नाही, त्याला कुठे लागलं नाही. मग त्याला रक्त का चढवलं? त्याचं रक्त गेलं कुठे?"

निशू, प्रश्न अगदी नेमका विचारलास. सातव्या महिन्यात जन्मलेलं, जेमतेम किलोभर वजनाचं बाळ. महिनाभर काचेच्या पेटीत राहिलं, दूध पचू लागलं, आणि अचानक एक दिवस डॉक्टर म्हणाले की रक्त फार कमी झालंय. घरातली माणसं हबकली. कुणी विचारलं, आईने दिवस असताना नीट खाल्लं नव्हतं का? आई मनातल्या मनात म्हणू लागली, माझंच काहीतरी चुकलं. खरी गोष्ट निराळीच आहे बाळांनो, आणि ती सुरू होते पार पेरू देशातल्या डोंगरांत. ओम, तूही ये. मांडी घालून बस.

1890 साल. फ्रान्समधले एक वैज्ञानिक, फ्रान्स्वा व्हियो, समुद्राकाठच्या लिमा शहरातून अँडीज पर्वतातल्या मोरोकोचा या खाणींच्या गावी गेले. गावाची उंची सुमारे साडेचार हजार मीटर, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या पावणेतीन पट. तिथली हवा इतकी विरळ की चार पावलं चाललं तरी धाप लागावी. व्हियोंनी आपल्याच रक्ताचा थेंब घेऊन त्यातल्या तांबड्या पेशी मोजल्या. खाली असताना एका घन मिलिमीटरमध्ये 50 लाखांच्या आसपास होत्या. साधारण तीन आठवड्यांत त्या 80 लाखांवर गेल्या! हवेत प्राणवायू कमी पडला, तसं शरीराने तो वाहून नेणाऱ्या पेशी वाढवल्या.

शरीराला कुणी सांगितलं, पेशी वाढव म्हणून? सांगतात आपली मूत्रपिंडं. रक्तातला प्राणवायू कमी झाला की त्यांना ते कळतं आणि ती एक संप्रेरक रक्तात सोडतात. त्याचं नाव एरिथ्रोपोएटिन. डॉक्टर नुसतं 'ईपो' म्हणतात. ईपो हाडांतल्या मज्जेपर्यंत पोचतं आणि तिथे तांबड्या पेशी भराभर तयार होऊ लागतात. प्राणवायू पुन्हा पुरेसा झाला की ईपो कमी होतं. पेशीला प्राणवायूची ही कमी-जास्त नेमकी कळते कशी, हे उलगडणाऱ्या केलिन, रॅटक्लिफ आणि सेमेन्झा या तिघांना 2019 चं नोबेल मिळालं.

आता पर्वतावरून पोटात जाऊ. केंब्रिजचे जोसेफ बारक्रॉफ्ट 1921-22 मध्ये अशाच विरळ हवेचा अभ्यास करायला पेरूतल्या सेरो दे पास्कोला जाऊन आले होते. पुढे ते मेंढीच्या गर्भांचा अभ्यास करू लागले, तेव्हा त्यांच्या ध्यानात आलं की पोटातलं पिल्लू जणू एव्हरेस्टवरच राहतंय. त्याला फुप्फुसाने श्वास घेता येत नाही. आईच्या रक्तातला प्राणवायू वारेतून झिरपून येईल तेवढाच त्याचा. माणसाच्या बाळाचंही तसंच. तुझ्या-माझ्या धमनीत प्राणवायूचा दाब पाऱ्याच्या 95 ते 100 मिलिमीटर असतो. वारेकडून बाळाकडे येणाऱ्या ताज्या रक्तातही तो 30 च्या आसपासच असतो. 2007 मध्ये काही डॉक्टर गिर्यारोहक एव्हरेस्टवरून उतरत असताना 8,400 मीटरवर थांबले आणि त्यांनी आपल्या धमनीतलं रक्त काढून तपासलं. सरासरी दाब निघाला 25 मिलिमीटरच्या थोडा खाली. बारक्रॉफ्ट किती खरं बोलले होते बघा!

एवढ्याशा प्राणवायूत बाळ वाढतं तरी कसं? निसर्गाने त्याची दोन प्रकारे सोय केली आहे. पोटातल्या बाळाचं हिमोग्लोबिन आपल्याहून वेगळं असतं. प्राणवायू ते जास्त घट्ट धरतं, म्हणून वारेत आईच्या रक्तातून तो ओढून घेऊ शकतं. शिवाय पेशीही भरपूर असतात. पूर्ण दिवसांचं बाळ जन्मतं तेव्हा त्याचं हिमोग्लोबिन 16-17 ग्रॅम असतं, धडधाकट मोठ्या माणसापेक्षाही जास्त. म्हणून तर नवं बाळ असं लालबुंद दिसतं.

मग बाळ जन्मतं, रडतं, फुप्फुसं हवेने भरतात आणि काही मिनिटांत ते एव्हरेस्टवरून थेट समुद्रसपाटीला येतं. प्राणवायू भरपूर झाला, आता एवढ्या पेशी हव्यात कशाला? ईपो जवळजवळ थांबतं. जुन्या पेशी आयुष्य संपलं की मोडतात, नव्या फारशा येत नाहीत. दोन-तीन महिन्यांत हिमोग्लोबिन उतरत 11 च्या जवळपास येतं. तिथे मूत्रपिंडांना कमतरता जाणवते, ईपो पुन्हा सुटतं आणि आकडा सावरतो. निशू, तुझंही असंच झालं, ओमचंही झालं. त्याला कुणी आजार म्हणत नाही.

मग मावशीच्या बाळाचं काय झालं? उतरण तीच होती, पण त्याला ती फार लवकर उतरावी लागली, तीही पुरेशी तयारी नसताना. पूर्ण दिवसांचं बाळ 11 वर थांबतं, तर किलोपेक्षा कमी वजनाच्या बाळाचं हिमोग्लोबिन चार ते सहा आठवड्यांतच 7-8 पर्यंत घसरू शकतं.

यातलं सर्वांत नवलाचं कारण आधी ऐका. पोटात असताना बाळाचं ईपो मुख्यतः यकृतात बनतं. हे यकृत चटकन घाबरत नाही. प्राणवायू खूपच खाली गेला तरच ते जोरात ईपो सोडतं. पोटात हा गुणच आहे. एव्हरेस्टसारख्या जागी ते सारखं घाबरलं असतं तर पेशींची गर्दी होऊन रक्त घट्ट झालं असतं. ही जबाबदारी यकृताकडून मूत्रपिंडांकडे जाते ती नऊ महिने भरत आल्यावर. बाळ कधी जन्मलं याच्याशी या वेळापत्रकाला काही देणंघेणं नाही. सातव्या महिन्यात बाहेर आलेलं बाळ श्वास सपाटीवरचा घेतं, पण त्याचा पहारेकरी अजून पोटातलाच असतो. रक्त उतरत राहतं आणि यकृत मात्र निवांत असतं. त्याच्यात बिघाड नाही बाळांनो. ज्या जागेसाठी ते घडलं, तिथल्यासारखंच ते वागतंय.

दुसरं कारण पेशींच्या आयुष्याचं. आपली तांबडी पेशी 120 दिवस जगते. पूर्ण दिवसांच्या बाळाची साधारण 60 ते 90 दिवस, आणि अपुऱ्या दिवसांच्या बाळाची 35 ते 50 दिवसच. तिसरं कारण वाढीचं. बाळ महिन्या-दोन महिन्यांत दुप्पट होतं, त्यामुळे आहे त्या पेशी जास्त रक्तात विखुरल्या जातात.

आता निशूचा प्रश्न: रक्त गेलं कुठे? त्यातलं बरंचसं तपासणीच्या नळ्यांत गेलं. किलोभर बाळाच्या अंगात सगळं मिळून 90 मिलिलिटरच्या आसपास रक्त असतं. चहाचा लहान कप भरेल, एवढंच. त्यातून 1 मिलिलिटर काढणं म्हणजे माझ्या अंगातून एका वेळी 50 मिलिलिटरहून जास्त काढण्यासारखं. पहिल्या आठवड्यांत साखर, क्षार, कावीळ, जंतुसंसर्ग, रक्तातले वायू असं सगळं पुन्हा पुन्हा तपासावं लागतं. त्या तपासण्यांनीच बाळ वाचतं, पण त्याची किंमतही रक्तातच मोजावी लागते.

आणि शेवटचं कारण लोहाचं. लेक सासरी निघताना आई तिला शिदोरी बांधून देते ना, तशी पोटातल्या बाळाला आई लोहाची शिदोरी देते. पूर्ण दिवसांचं बाळ किलोमागे सुमारे 75 मिलिग्रॅम लोह घेऊन येतं आणि त्यातलं बहुतेक शेवटच्या तीन महिन्यांत भरलेलं असतं. जे बाळ त्या आधीच निघालं, त्याची शिदोरी अर्धवट राहिली. आई कितीही नीट जेवली असली तरी ते राहिलेले आठवडे तिच्या हातात नव्हते. म्हणून तिला बोल लावणं अन्यायाचं आहे. पण गरोदर बाईचं रक्त कमी असेल तर ते आधीच भरून काढायला हवं, हेही तितकंच खरं. कारण आईचं रक्त कमी असलं की बाळ अपुऱ्या दिवसांत जन्मण्याचा धोका वाढतो. 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत आपल्या देशातल्या 52 टक्के गर्भवतींना रक्तक्षय होता. हा आकडा मला झोप लागू देत नाही.

"मग उपाय काय, आजोबा?" उपाय जन्माच्या क्षणापासून सुरू होतो, ओम. सातव्या महिन्यात बाळाचं जवळजवळ अर्धं रक्त वारेत असतं. नाळ लगेच बांधली तर ते तिथेच राहतं. 30 ते 60 सेकंद थांबलं तर त्यातलं बरंचसं बाळाकडे येतं. चार्ल्स डार्विनचे आजोबा इरॅस्मस डार्विन हे वैद्य होते. त्यांनी 'झूनोमिया' या ग्रंथाच्या 1801 च्या आवृत्तीत लिहून ठेवलं होतं की नाळ घाईने बांधणं बाळाला अपायकारक आहे. जगाने ते फार उशिरा ऐकलं. 2023 मध्ये 'लॅन्सेट'मध्ये अनेक चाचण्यांचा एकत्रित अभ्यास आला. नाळ लगेच बांधलेल्या अपुऱ्या दिवसांच्या बाळांपैकी शंभरातली साधारण 8 घरी जाण्याआधी दगावली होती, थोडं थांबून बांधलेल्यांतली 6. एका मिनिटाच्या धीराने जीव वाचतात! बाळाला तातडीने श्वास द्यायचा असेल तर काय करायचं, ते अर्थातच डॉक्टर ठरवतात.

पुढचा उपाय काटकसरीचा: तपासणी गरजेचीच करायची, दोन-तीन तपासण्या एकाच थेंबात बसवायच्या, लहानात लहान नळी वापरायची, आणि जन्मानंतरच्या पहिल्या तपासण्यांसाठी शक्य तिथे वारेत उरलेलंच रक्त घ्यायचं. चांगल्या नवजात कक्षातल्या परिचारिका काढलेल्या प्रत्येक मिलिलिटरची नोंद ठेवतात.

ईपो औषध म्हणून देता येतं का, असं तुम्ही विचाराल. येतं, आणि त्याची कथाही ऐकण्यासारखी आहे. शिकागोचे यूजीन गोल्डवॉसर वीस वर्षं ईपोच्या मागे होते, पण रक्तात ते इतकं थोडं असतं की शुद्ध करून हाती लागेना. मग जपानच्या कुमामोतोमधले ताकाजी मियाके मदतीला आले. ज्यांची मज्जा निकामी झाली आहे, त्यांचं शरीर ईपो सोडतच राहतं आणि ते लघवीतून बाहेर पडतं. अशा रुग्णांची 2,550 लिटर लघवी मियाकेंनी जमवली, ती आटवून सुकवली आणि ती पूड रेशमी कापडात बांधून 1975 मध्ये शिकागोला आणली. तिच्यातून जेमतेम काही मिलिग्रॅम शुद्ध ईपो निघालं. 1977 मध्ये ते जगाला कळलं. आजारी माणसांनी टाकून दिलेल्या लघवीतून लाखो रुग्णांचं औषध जन्माला आलं. अपुऱ्या दिवसांच्या बाळांना ते दिल्यास रक्त चढवण्याची गरज काहीशी कमी होते, पण पूर्ण टळत नाही; म्हणून ते सरसकट दिलं जात नाही.

मग मावशीच्या बाळासारखं रक्त चढवावं लागतं. नुसता आकडा बघून नाही. बाळ दूध ओढताना दमतंय का, वजन वाढायचं थांबलंय का, ठोके जलद झालेत का, श्वास मध्येच थांबतोय का, प्राणवायूची गरज वाढली का, हे सगळं बघून डॉक्टर ठरवतात. किलोमागे 10 ते 20 मिलिलिटर रक्त तीन-चार तासांत हळूहळू देतात. एका दात्याची पिशवी लहान पिशव्यांत वाटून ठेवतात, म्हणजे बाळाला पुन्हा लागलं तर त्याच दात्याचं देता येतं.

जास्त रक्त दिलं तर बाळ जास्त हुशार, जास्त सुदृढ होईल का? 2020 मध्ये अमेरिकेतल्या 1,824 अतिशय लहान बाळांवरच्या चाचणीचं उत्तर आलं. निम्म्यांना हिमोग्लोबिन थोडं उतरताच रक्त दिलं, निम्म्यांच्या बाबतीत आणखी उतरेपर्यंत वाट पाहिली. दोन वर्षांच्या वयाला दोन्ही गटांत काही फरक निघाला नाही. त्याच वर्षी युरोपातल्या हजारावर बाळांच्या चाचणीनेही तेच सांगितलं. ठरलेल्या सुरक्षित मर्यादेत धीर धरता येतो. आणि तो धरावा, कारण बाहेरून आलेलं रक्त मोठ्या माणसाचं. ते प्राणवायू सहज सोडतं, त्यामुळे बाळाला स्वतःचं ईपो बनवायची निकड आणखी कमी वाटते.

मावशीच्या बाळाचीही वेळ येईल. मूत्रपिंडं जबाबदारी घेतील, मज्जेत पेशी बनू लागतील, आणि रिपोर्टमध्ये कोवळ्या तांबड्या पेशींचं प्रमाण वाढलेलं दिसेल. त्या प्रत्येक पेशीला लोह लागतं, आणि शिदोरी तर अर्धवट राहिलेली. आईचं दूध या बाळांसाठी सर्वोत्तमच. ते न मिळणाऱ्या बाळांसाठी डॉ. अर्मिडा फर्नांडिस यांनी 1989 मध्ये मुंबईच्या सायन रुग्णालयात आशियातली पहिली दुग्धपेढी उभी केली. पण त्या दुधातही लोह थोडंच असतं. म्हणून जागतिक आरोग्य संघटनेच्या सल्ल्याप्रमाणे दीड किलोहून कमी वजनाच्या, आईच्या दुधावरच्या बाळांना दुसऱ्या आठवड्यापासून सहाव्या महिन्यापर्यंत, किलोमागे रोज 2 ते 4 मिलिग्रॅम लोहाचे थेंब देतात.

इथेच घरोघरी घोटाळा होतो. बाळ घरी येतं, बाळसं धरतं, गाल भरतात, आणि सगळ्यांना वाटतं, आता औषध कशाला? थेंब बंद होतात. कुणी त्याऐवजी बीटचा रस पाजतं, कुणी खजुराचं पाणी. सहा महिन्यांखालच्या पोटाला दोन्ही नकोत. खरं तर बाळ वाढतंय, मज्जा कामाला लागली आहे, म्हणजे लोहाची सर्वांत मोठी गरज आत्ताच आहे. मावशीला फोन लावून दे, निशू. मोजून किती थेंब द्यायचे ते तिने डॉक्टरांकडून लिहून आणलंय का आणि पुढच्या तपासणीची तारीख कधीची आहे, हे दोन्ही मला तिला विचारायचं आहे.