शून्य, खहर आणि स्वयंवह चक्र

तर्कातील विरोधांपासून अखंड ऊर्जा काढणारे एखादे शास्त्र असावे, ही कल्पना प्रथमदर्शनी केवळ विनोदाची वाटते. एका विधानातून त्याचे उलट विधान निघावे, त्यातून पुन्हा पहिले निघावे, आणि या न संपणाऱ्या फेऱ्यावर एखादे जाते फिरते ठेवावे, असे हे काल्पनिक शास्त्र होय. परंतु त्याची दोन्ही अंगे, म्हणजे तर्काचा पेच आणि न थांबणारे चक्र, आपल्या गणितपरंपरेत एकाच ग्रंथकाराच्या लेखनात आढळतात. म्हणून त्याचा गंभीरपणे विचार करणे आम्हांस उचित वाटते.

पेचाचे मूळ शून्यात आहे. ग्वाल्हेरच्या किल्ल्याच्या चढणीवर खडकात कोरलेले चतुर्भुज मंदिर आहे. तेथील विक्रम संवत् 933, म्हणजे इसवी सन 876 च्या शिलालेखात, देवाच्या फुलबागेची जमीन 270 हात लांब व 187 हात रुंद असून रोज 50 माळा अर्पण कराव्यात, अशी नोंद आहे. त्यातील शून्ये लहान वर्तुळांनी दाखविली आहेत. 'काही नाही' असे सांगणाऱ्या या चिन्हाने 27 हातांचे 270 हात होतात. हे आश्चर्य खरे. पण त्यात विरोध नाही, कारण शून्य तेथे केवळ एकं स्थान राखून ठेवते.

विरोध उभा राहतो तो शून्याने भागू लागल्यावर. ब्रह्मगुप्ताने 628 मध्ये शून्याच्या गणिताचे नियम सांगितले. पुढे भास्कराचार्यांनी शके 1072, म्हणजे 1150 मध्ये रचलेल्या 'सिद्धांतशिरोमणी'त शून्याने भागलेल्या राशीस 'खहर' म्हटले. तिच्यात काही मिळवा वा वजा करा, ती अनंत अच्युताप्रमाणे अविकृत राहते, असे ते सांगतात. उपमा भव्य आहे. परंतु बेसावध गणकास ती घातक ठरते. एकास शून्याने गुणले तरी शून्य, दोहोंस गुणले तरी शून्यच. आता दोन्ही बाजूंचे शून्य भागून काढले की एक बरोबर दोन! मग वाचक व ग्वाल्हेरचा किल्ला या दोन वस्तू असल्याने वाचक हाच किल्ला ठरतो. एक विरोध मान्य केला की वाटेल ते सिद्ध करता येते. काल्पनिक शास्त्राची अखंड ऊर्जा ती हीच. मात्र जेथे सर्वच सिद्ध होते, तेथे कशालाच अर्थ उरत नाही.

त्याच ग्रंथातील यंत्राध्यायात स्वयंवह चक्र वर्णिले आहे. हलक्या लाकडाचे चाक करावे, त्यास सारख्या अंतरावर किंचित वाकड्या व पोकळ आऱ्या बसवाव्यात, त्यांत अर्धा पारा भरून तोंडे बंद करावीत. मग आसावर ठेवलेले ते चक्र आपोआप फिरते, असे म्हटले आहे. ब्रह्मगुप्तानेही असे चक्र सांगितले होते, आणि तेराव्या शतकातील फ्रान्सच्या विलार द ओनकूरच्या चित्रवहीत त्याचा भाऊबंद सापडतो. असे चक्र फिरत राहत नाही. उतरताना पारा जेवढे कार्य देतो तेवढेच त्यास पुन्हा वर चढविण्यास लागते. एक फेरा पूर्ण होताच सर्व पारा मूळ जागी येतो व शिल्लक शून्य राहते. आसाचे घर्षण तर पदरचेच खर्च करावयास लावते.

म्हणजे दोन्हीकडे चूक एकच: मोबदला न देता मिळकत मांडणे. तथापि या पेचांपासून काही लाभ झाला नाही असे नव्हे. स्टेव्हिन याने 1586 मध्ये 'अखंड गती अशक्य' हे गृहीत धरूनच उतरणीवरील वजनांच्या समतोलाचा नियम काढला. 1824 मध्ये कार्नोने त्याच आधारे उष्णतेवर चालणाऱ्या यंत्रांची मर्यादा ठरविली. आणि 1847 मध्ये हेल्महोल्ट्सने ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम मांडला. शून्याचेही तसेच. शून्याने गुणून पुढे शून्यानेच भागावयाचे असेल तर ती राशी तशीच राखावी, अशी सावध सूचना भास्कराचार्यांनी स्वतः केली आहे. सतराव्या शतकात न्यूटन व लायब्निट्स यांनी शून्याकडे झुकणाऱ्या राशींच्या गुणोत्तरांतून कलनशास्त्र उभे केले.

आपल्या अलंकारशास्त्राने हा भेद नेमका हेरला आहे. तेथे अलंकार म्हणून मान आहे तो विरोधास नव्हे, विरोधाभासास. विरोध दिसावा आणि अर्थ लागताच तो मावळावा, यातच चमत्कृती असते. न मावळणारा विरोध हा काव्यात दोषच होय. शास्त्रातही शक्ती पेचात नसून त्याच्या परिहारात आहे, आणि त्या परिहारास श्रम पडतात.

चाळीसगावजवळील पाटणे येथील 1207 च्या शिलालेखावरून, भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकविण्यासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी मठ स्थापिल्याचे समजते. त्या ग्रंथांतील चक्रास आज कोणी शोध म्हणून मिरवितात, तर कोणी भ्रम म्हणून हसतात. आमच्या मते दोघेही अभ्यासाचे कष्ट टाळतात. ते चक्र का फिरणार नाही, हे ज्यास नीट सांगता येईल, त्यानेच ते ग्रंथ खऱ्या अर्थाने वाचले असे म्हणावे.