शीर्षकात फुलपाखरू, पुस्तकात अळी

१९६९ साली दोन पुस्तकं प्रसिद्ध झाली. एक आँरी शारिएरचं 'पॅपिलॉन'. रवींद्र गुर्जरांच्या अनुवादामुळे मराठी वाचकाला ते परकं वाटत नाही. दुसरं एरिक कार्लचं 'द व्हेरी हंग्री कॅटरपिलर', अजून वाचताही न येणाऱ्या मुलांसाठी केलेलं, पानापानाला भोकं पाडलेलं. पहिल्याच्या शीर्षकात फुलपाखरू आहे. ते शारिएरच्या छातीवर गोंदलेलं होतं, त्यावरून त्याचं नाव पडलं आणि त्या नावाचा अर्थ वाचकांनी एकच घेतला : उडून जाणं. दुसऱ्याच्या शीर्षकात अळी आहे. ती खाते, पुन्हा खाते, पोट दुखेपर्यंत खाते, कोषात जाते, आणि पंख दिसतात ते पार शेवटी. फुलपाखराचा कोष सहसा रेशमी आवरणात नसतो, तसा तो अनेक पतंगांचा असतो. कार्लने ही गल्लत केली आणि शास्त्रवाल्यांनी त्याला त्याबद्दल धारेवरही धरलं. तरीही या दोन पुस्तकांत फुलपाखराबद्दल अधिक खरं बोलतं ते कार्लचंच. नावात फुलपाखरू मिरवणाऱ्या कथात्म आणि शास्त्रीय पुस्तकांची सहसा दोन वेगळी कपाटं केली जातात. ही वाटणी चुकीची आहे. खरी सीमारेषा फक्त पंख ओळखणारी पुस्तकं आणि अळीपासून सुरुवात करणारी पुस्तकं यांच्यामध्ये आहे, आणि ती दोन्ही कपाटांच्या मधोमध जाते.

कथात्म पुस्तकांत पंखांचं राज्य का आहे, हे समजणं अवघड नाही. हुलिया आल्वारेझची 'इन द टाइम ऑफ द बटरफ्लाइज' (१९९४) ही कादंबरी डॉमिनिकन प्रजासत्ताकातल्या मिराबाल बहिणींवर आहे. त्रुहियोच्या हुकूमशाहीविरुद्धच्या भूमिगत चळवळीत त्यांना 'फुलपाखरं' म्हणत. २५ नोव्हेंबर १९६० रोजी पात्रिया, मिनेर्वा आणि मारिया तेरेसा या तिघींचा खून झाला. चौथी, देदे, मागे राहिली. जाँ-दोमिनिक बोबीच्या 'द डायव्हिंग बेल अँड द बटरफ्लाय'मध्ये (१९९७) निश्चल झालेलं शरीर म्हणजे पाणबुड्याचा जड पोशाख आणि भटकणारं मन म्हणजे फुलपाखरू. डाव्या पापणीच्या उघडझापीवर अक्षर अक्षर सांगून लिहिलेलं हे पुस्तक मोठं आहे, त्यातलं फुलपाखरू मात्र रूपकापुरतंच. या सगळ्यांत फुलपाखरू म्हणजे मुक्ती, हलकेपणा, नाजूकपणा. ते कुठून आलं, काय खाऊन वाढलं, हा प्रश्नच कुणाला पडत नाही. पॅपिलॉनच्या बाबतीत तर मोठा विरोधाभास आहे. शारिएर जिथे कैदेत होता त्या फ्रेंच गयानातले कैदी निळी मॉर्फो फुलपाखरं पकडून विकत असत. तिथल्याच रने बेल्बन्वा या दुसऱ्या कैद्याचा फुलपाखरं पकडून पैसे मिळवण्याशी चांगला परिचय होता. म्हणजे ज्या भूमीवर फुलपाखरू हा रोखीचा माल होता, तिथल्याच एका कैद्याचं हे नाव जगभर स्वातंत्र्याचं चिन्ह होऊन बसलं.

पुच्चिनीच्या 'मादामा बटरफ्लाय' (१९०४) या ऑपेराचं वेगळं श्रेय मान्य करायला हवं. पहिल्याच अंकात त्याची नायिका विचारते की, तुमच्या देशात फुलपाखरू पकडून टाचणीने फळीला टोचतात, हे खरं का? पंखांच्या पुस्तकांमध्ये टाचणी दिसणंही तसं दुर्मीळच. पण टाचणी म्हणजे संग्राहकाचं ज्ञान, आणि संग्राहकालाही हवे असतात ते पंखच.

यावर आक्षेप ठरलेला आहे : रूपकाला कीटकशास्त्राची परीक्षा कशाला? कमळावर लिहिणारा कवी चिखलाचं रासायनिक पृथक्करण करत नाही. मान्य. कादंबरीकाराने अळीची जात सांगावी, असा आग्रह कुणीच धरणार नाही. पण रूपक ज्या वस्तूवर उभं आहे ती वस्तूच चुकीची समजली असेल, तर रूपकही पातळ होतं. 'क्षणभंगुर' हेच विशेषण घ्या. बऱ्याच जातींची प्रौढ फुलपाखरं काही आठवडेच जगतात, हे खरं. पण मेक्सिकोच्या डोंगरांत हिवाळा काढणारी मोनार्कची पिढी आठेक महिने जगते, आणि युरोपातलं पिवळं ब्रिमस्टोन प्रौढावस्थेत जवळजवळ वर्ष काढतं. शिवाय ज्याला आपण फुलपाखराचं 'अल्प आयुष्य' म्हणतो तो त्याच्या आयुष्याचा फक्त शेवटचा टप्पा असतो. पंख फुटल्यावर ते एका मिलिमीटरनेही वाढत नाही. वाढ सगळी अळीची. उत्तररंगातच येऊन बसलेल्या श्रोत्याने कीर्तन फार छोटं होतं म्हणावं, तसं हे आहे. उलट ज्या लेखकाने कीटक नीट पाहिला, त्याच्या हाती किती येतं याचा पुरावा ए. एस. बायटची 'मॉर्फो युजीनिया' ही दीर्घकथा आहे, 'एंजल्स अँड इन्सेक्ट्स' (१९९२) या पुस्तकातली. अॅमेझॉनहून परतलेला निसर्गअभ्यासक विल्यम अॅडमसन एका उमरावाच्या घरात राहतो, युजीनियाशी लग्न करतो, आणि मुंग्यांच्या वारुळाचा अभ्यास करता करता त्या घराची रचना त्याला दिसू लागते. कीटकांची माहिती काढून घेतली तर या कथेत काही उरणार नाही.

शास्त्राच्या कपाटातही सगळं सोवळं नाही. एकोणिसाव्या शतकापासून विसाव्याच्या मध्यापर्यंत 'बटरफ्लाइज' नावाची जी जाडजूड पुस्तकं निघाली, त्यातली बरीच संग्राहकाच्या खणांची यादी होती. ब्रिगेडियर डब्ल्यू. एच. इव्हान्सचं 'द आयडेंटिफिकेशन ऑफ इंडियन बटरफ्लाइज' (१९२७) हे आपल्याकडच्या अभ्यासकांनी पिढ्यान्‌पिढ्या वापरलं. त्याचं काम चोख आहे, पण ते काम म्हणजे हातातल्या मेलेल्या नमुन्याच्या पंखांवरून त्याचं नाव ठरवणं. झाडावर बसलेल्या अळीशी त्याला फारसं कर्तव्य नाही. जाता जाता हवामानशास्त्राचीही गंमत सांगायला हवी. एडवर्ड लोरेन्झने छोट्या कारणातून मोठा परिणाम कसा होतो हे सांगताना आधी समुद्रपक्ष्याच्या पंखांचा दाखला दिला होता. १९७२ च्या त्याच्या व्याख्यानाला ब्राझीलमधल्या फुलपाखराचं नाव दिलं ते फिलिप मेरिलीज या परिषदेच्या आयोजकाने, कारण लोरेन्झने वेळेत शीर्षकच कळवलं नव्हतं. गणित लोरेन्झचं, फुलपाखरू आयोजकाचं, आणि लोकांच्या लक्षात राहिलं ते फुलपाखरूच.

शीर्षक देणाऱ्याची नजर आणि अभ्यास करणाऱ्याची नजर यांतली फारकत मार्गारेट फाउंटनच्या बाबतीत सगळ्यात स्पष्ट दिसते. या इंग्रज बाईने पन्नासेक वर्षं जगभर फिरून सुमारे २२,००० फुलपाखरं जमवली, भारतातही ती येऊन गेली, आणि १९४० मध्ये त्रिनिदादला तिचा मृत्यू झाला. संग्रह नॉरिचच्या संग्रहालयाला देताना तिने एक कुलूपबंद पेटी दिली : १५ एप्रिल १९७८ पूर्वी उघडू नये. त्यात रोजनिशीचे बारा खंड होते, १५ एप्रिल १८७८ पासून लिहिलेले. त्यातून निवडलेलं पुस्तक १९८० मध्ये आलं, त्याचं नाव 'लव्ह अमंग द बटरफ्लाइज'. खलील नेमी या सीरियन दुभाष्याशी तिचं प्रेम खरं होतं, आणि ते वाचकाला खेचणार हेही प्रकाशकाने बरोबर ओळखलं. पण फाउंटन निव्वळ जाळं घेऊन धावणारी नव्हती. ती अंडी शोधायची, अळ्या वाढवायची, त्या कोणत्या झाडाची पानं खातात याची नोंद करायची, शास्त्रीय नियतकालिकात लिहायची. अळ्या आणि कोष यांच्या तिच्या रंगीत चित्रांच्या वह्या लंडनच्या नॅचरल हिस्टरी म्युझियममध्ये आहेत. तिच्या नावावर खपलेल्या पुस्तकाला प्रेम पुरलं. तिचं खरं काम त्या वह्यांत आहे.

या वह्यांची परंपरा जुनी आहे. मारिया सिबिला मेरियनने १६७९ मध्ये काढलेल्या जर्मन पुस्तकाच्या शीर्षकात थेट सुरवंटच आहेत. १६९९ मध्ये, वयाच्या बावन्नाव्या वर्षी, मुलीला घेऊन ती दक्षिण अमेरिकेतल्या सुरिनामला गेली आणि १७०५ मध्ये तिथल्या कीटकांच्या रूपांतरावरचा तिचा ग्रंथ निघाला. तिच्या चित्रात झाड, अळी, कोष आणि पंखवालं फुलपाखरू एकाच पानावर येतात. चिखलातून कीटक आपोआप उपजतात असं मानणारे विद्वान तेव्हा होतेच. त्यांना दिलेलं हे उत्तर होतं. भारतात हीच रीत कारवारच्या जंगलात रुजली. साताऱ्यात जन्मलेला आणि मिठाच्या खात्यात नोकरी करणारा ई. एच. एटकिन, वनखात्यातला टी. आर. बेल आणि मुलकी अधिकारी जे. डेव्हिडसन या तिघांनी उत्तर कॅनरा जिल्ह्याच्या फुलपाखरांवर १८९६ पासून बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात लेखमाला लिहिली. त्यांनी अळ्या पाळल्या, त्यांचे केस मोजले, त्यांना काय आवडतं ते पाहिलं. आजही पश्चिम घाटातल्या एखाद्या जातीच्या अळीची माहिती हवी असेल तर माग काढत काढत माणूस या तिघांपाशी येतो. पुढे राजकोटच्या राजकुमार कॉलेजचे प्राचार्य विंटर-ब्लाइथ यांचं १९५७ चं पुस्तक, कृष्णमेघ कुंटे यांचं 'बटरफ्लाइज ऑफ पेनिन्सुलर इंडिया' (२०००) आणि आयझॅक किहिमकर यांचं 'द बुक ऑफ इंडियन बटरफ्लाइज' (२००८) अशी ही ओळ सरकत येते.

कुंट्यांच्या पुढच्या संशोधनात तर पंखांच्या बाजूने बोलणाऱ्यांचा उरलेला युक्तिवादही निकालात निघतो. पंखांचं सौंदर्य तरी अळीशिवाय समजतं ना, असं कुणी म्हणेल. नाही समजत. लाल-काळी 'क्रिम्झन रोझ' फुलपाखरं पक्षी टाळतात, कारण त्यांच्या अळ्या सापसंदाच्या वेलीचं विष अंगात साठवतात. आपल्याकडच्या 'कॉमन मॉर्मन'ची काही मादी फुलपाखरं हेच रंग उसने घेतात. त्यांच्या अळ्या कढीपत्ता आणि लिंबू खातात, विषाचा मागमूस नाही. रंग निव्वळ धाक घालण्यासाठी. ही नक्कल 'डबलसेक्स' नावाच्या एकाच जनुकाच्या वेगवेगळ्या रूपांवर चालते, हे कुंटे आणि सहकाऱ्यांनी २०१४ मध्ये 'नेचर'मध्ये दाखवलं. म्हणजे पंखावरचा ठिपका वाचायचा तर दोन वेगळ्या झाडांवरच्या दोन वेगळ्या अळ्या काय खातात ते आधी कळायला हवं.

आणि केवळ पंख पाहण्याची किंमत चुकवावी लागते, हे इंग्लंडने 'लार्ज ब्लू'च्या बाबतीत अनुभवलं. हे निळं फुलपाखरू संग्राहकांच्या लोभामुळे संपत चाललंय, असं मानून काही जागांना कुंपणं घातली गेली. संग्राहक बाहेर राहिले, त्यांच्याबरोबर गुरंही बाहेर राहिली. फ्रेडरिक फ्रोहॉकने एव्हाना या जातीचं गुपित अर्धं उलगडलं होतं. त्याच्या 'नॅचरल हिस्टरी ऑफ ब्रिटिश बटरफ्लाइज' (१९२४) या पुस्तकात ब्रिटनमधल्या फुलपाखरांची अंड्यापासूनची हकिकत आहे. लार्ज ब्लूची अळी काही दिवस रानओव्याच्या फुलांवर जगते, मग मुंग्या तिला आपलंच पिल्लू समजून वारुळात नेतात, आणि तिथे ती त्यांचीच पिल्लं खाते. उरलेलं अर्धं १९७० च्या दशकात जेरेमी थॉमसने शोधलं : मुंगी कोणतीही चालत नाही, 'मिर्मिका सॅब्युलेटी' हीच जात लागते, आणि तिला खुरटं, ऊन लागणारं गवत हवं असतं. गुरं थांबली, रोगाने ससे मेले, गवत वाढलं, जमीन गार झाली, मुंगी गेली. १९७९ मध्ये फुलपाखरूही गेलं. १९८३ पासून स्वीडनमधून आणलेल्या अळ्या गुरं चारलेल्या माळांवर सोडल्या तेव्हा ते परत आलं. पंखांवर प्रेम करणाऱ्यांनी आखलेलं संरक्षण त्याच्या मुळावर आलं होतं.

आता शेवटचा आक्षेप. 'सुरवंटाचं फुलपाखरू झालं' हा वाक्प्रचार आपल्याकडे सर्रास चालतो. मग अळी विसरली गेली असं कसं म्हणावं? पण या वाक्प्रचारातला सुरवंट म्हणजे टाकून द्यायचा भूतकाळ. तो कुरूप, ते सुंदर. तो संपला म्हणून ते सुरू झालं. २००८ मध्ये तंबाखूच्या हॉर्नवर्म पतंगावर झालेल्या प्रयोगात उशिराच्या अवस्थेतल्या अळीला एका वासाची भीती शिकवली गेली, आणि कोषातून बाहेर आलेल्या पतंगानेही तो वास टाळला. पतंगाला अळीच्या आठवणी होत्या. व्यक्तिमत्त्व-विकासाच्या पुस्तकांना हे सोयीचं नाही. पंखांपलीकडे पाहणाऱ्या कादंबरीकार नाबोकॉव्हला मात्र ते आवडलं असतं. दक्षिण अमेरिकेतल्या निळ्या फुलपाखरांचं मूळ आशियात असावं, असं त्याने १९४५ मध्ये मांडलं. त्याचा आधार होता सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलेली त्यांची जननेंद्रियं. पंखांच्या रंगांवर तो विसंबला नव्हता. २०११ मध्ये डीएनएने त्याला दुजोरा दिला. त्याच्या एकाही कादंबरीच्या नावात फुलपाखरू नाही. 'नाबोकॉव्ह्‌ज ब्लूज' आणि 'नाबोकॉव्ह्‌ज बटरफ्लाइज' ही शीर्षकं त्याच्या मृत्यूनंतर इतरांनी दिली.

मराठीत ग. ह. पाटलांच्या कवितेपासून फुलपाखरू बालवाङ्मयात स्थिरावलं, आणि २०१५ मध्ये राज्याचं फुलपाखरू जाहीर करणारं महाराष्ट्र हे देशातलं पहिलं राज्य ठरलं. तो मान मिळालेल्या 'ब्लू मॉर्मन'च्या, म्हणजे राणी पाकोळीच्या अळ्या लिंबूवर्गीय झाडांवर वाढतात. तिच्या जवळच्याच नात्यातलं लिंबावरचं फुलपाखरू विदर्भातल्या संत्रा बागायतदाराच्या चांगल्याच ओळखीचं आहे. अंडी कोवळ्या पालवीवर, लहान अळी पक्ष्याच्या विष्ठेसारखी, मोठी झाल्यावर हिरवी, डिवचलं की डोक्यामागून शिंगं काढणारी : मराठीत हे तपशील पाहायचे तर कृषी विभागाची किंवा कृषी विद्यापीठांची पत्रकं उघडावी लागतात. तिथे ते 'कीड व रोग नियंत्रण' या सदराखाली येतात, आणि पुढच्याच ओळीत फवारणीचं प्रमाण दिलेलं असतं.