‘थ्रिलर’ची भुतं आणि आपलं गणपतीचं स्टेज



गणेशोत्सवाच्या तालमी सुरू झाल्या की दर वर्षी तोच प्रश्न, मुलांना कोणतं गाणं द्यायचं? नव्या गाण्याचा व्हिडिओ टीव्हीवर झकास दिसतो, पण तोच नाच शाळेच्या हॉलमध्ये फिका पडतो आणि मागच्या रांगेतली दोन-चार मुलं ‘आम्हाला नाही जमत’ म्हणून गळतात. आम्ही पडलो कॉम्प्युटरवाले, नाचातलं ओ की ठो कळत नाही! पण एखादी गोष्ट चालते कशी, हे उघडून बघायची खोड आहे. म्हणून मायकल जॅक्सनचा ‘थ्रिलर’ आवाज बंद करून पाहिला.

हा व्हिडिओ डिसेंबर १९८३ मधला, जवळजवळ चौदा मिनिटांचा. दिग्दर्शक जॉन लँडिस सिनेमावाला, त्यामुळे हा चक्क एक छोटा सिनेमाच झाला. २००९ साली अमेरिकेच्या नॅशनल फिल्म रजिस्ट्रीत त्याची नोंद झाली. तो मान मिळालेला हा पहिलाच म्युझिक व्हिडिओ.

गंमत म्हणजे अर्ध्याहून जास्त व्हिडिओ उलटतो, तरी तो प्रसिद्ध नाच सुरूच होत नाही. आधी थडग्यांतून भुतं निघतात, अमावस्येला वेताळाची पालखी निघावी तशी. कुणी लंगडतंय, कुणी फरफटतंय, प्रत्येकाची चाल वेगळी. मग मायकल स्वतःच भूत होतो आणि एका ठोक्यावर सगळी एकदम ताळ्यावर येतात! तो आधीचा विस्कळीतपणा नसता, तर नंतरच्या शिस्तीनं अंगावर काटा आला नसता.

नाच मायकल पीटर्स आणि जॅक्सन यांनी मिळून बसवला. भुतं विनोदी तर दिसायची नाहीत ना, ही जॅक्सनला धास्ती होती. म्हणून दोघांनी आरशासमोर तोंडं वेडीवाकडी करून सुरुवात केली. त्यातून आले ते खांदे उडवणं, मान झटकणं, पंजे करून दोन्ही हात एका बाजूला नेणं. बारकाईनं पाहिलं तर एकेक हालचाल साधी आहे. आपल्या लेझीमसारखंच हे. एकट्यानं केली तर कवायत, पन्नास जणांनी केली तर बघत राहावं!

कॅमेराही नाचणाऱ्यांना बऱ्याचदा पायांसकट, रांगेसकट दाखवतो. हल्लीच्या पुष्कळ व्हिडिओंत दर सेकंदाला शॉट बदलतो, म्हणजे निम्मा नाच एडिटिंग करतं. आपल्या स्टेजवर एडिटर कुठून आणणार? तिथे प्रेक्षक पहिल्यापासून शेवटपर्यंत एकाच जागेवरून बघतात.

शिवाय कपडे. डेबोरा लँडिस यांनी मायकलला लाल जाकीट आणि लालच पँट दिली. बाकी सगळं काळपट, मातकट, त्यामुळे गर्दीतही नजर त्याच्यावरच जाते. पँटही त्याच रंगाची असल्यानं तो उंच दिसतो.

हा नाच कुणालाही जमतो याचा पुरावा २००७ साली मिळाला. फिलिपिन्समधल्या सेबूच्या तुरुंगात शेकडो कैद्यांनी पटांगणात तो केला आणि यूट्यूबवर जगानं पाहिला. ते काही नर्तक नव्हते. (जॅक्सन १९९६ मध्ये मुंबईत आला, तेव्हा सोनाली बेंद्रेनं नऊवारीत त्याचं स्वागत केलं होतं, आठवतंय ना?)

आता ‘गणपतीपुढे भुतं कशाला?’ असं एखाद्या आजी विचारतीलच. त्यांना सांगा, गणपती म्हणजे गणांचा अधिपती, आणि शंकराच्या गणांत भुतंखेतं पहिल्यापासून आहेत!

तेव्हा बसवायचाच असेल तर ज्या मुलाला ताल जमत नाही त्याला लंगडत एंट्री द्या, तिथे चुकायला जागाच नाही. पुढे आठ-आठ मात्रांच्या चार-पाच हालचाली पुरतात, पण त्या सगळ्यांनी एकदम करायला हव्यात. लाल कपडे एकालाच. बाकीच्यांना जुने टी-शर्ट, फाडायला मुलं एका पायावर तयार असतात. कात्री मात्र पालकांनी आपल्याकडे ठेवावी.