झोपाळ्यावरचं शतक

लंडनच्या वॉलेस कलेक्शनमध्ये एक लहानसं तैलचित्र आहे. फ्रागोनार या फ्रेंच चित्रकारानं ते १७६७च्या सुमारास रंगवलं. दाट झाडीत गुलाबी झग्यातली तरुणी झोपाळ्यावर उंच गेली आहे. तिच्या पायातला जोडा हवेत उडालाय. मागे सावलीत एक वयस्कर गृहस्थ दोर ओढताहेत, तर पुढे झुडपात तिचा प्रियकर लपलाय. गृहस्थांना तो दिसत नाही, आपल्याला दिसतो. म्हणजे या चोरट्या सुखात चित्रकारानं आपल्यालाही सामील करून घेतलं!

या शैलीचं नाव रोकोको. शिंपल्या-खड्यांच्या सजावटीला फ्रेंचमध्ये 'रोकाय' म्हणतात, त्यावरून ते पडलं. १७१५मध्ये चौदावा लुई वारला आणि व्हर्सायच्या कडक शिस्तीला कंटाळलेले सरदार पॅरिसला परतले. शहरातल्या वाड्यांचे दिवाणखाने लहान. तिथे राजाच्या विजयांची भव्य चित्रं काय करायची? त्यांच्या जागी फिकट रंग, वळणदार नक्षी आणि प्रेमाचे खेळ आले.

हे सगळं उथळ होतं का? विचारवंत दिदरोला तसं वाटे. १७६५च्या प्रदर्शनावर लिहिताना त्यानं बूशे या लोकप्रिय चित्रकारावर झोड उठवली. नीती ढासळली की अभिरुचीही ढासळते, असा त्याचा सूर होता. शिवाय सरदारांना 'ताय' हा मुख्य कर बहुतांशी माफ होता. त्याचा बोजा शेतकऱ्यावर.

तरीही मला वाटतं, या कलेला नुसती चैनबाजी म्हणून निकालात काढू नये. वातोचं १७१७चं सिथेरा बेटाचं चित्र पाहा. हे प्रेमदेवतेचं बेट. जोडपी तिकडे निघालीत असं नाव सांगतं. पण देवतेचा पुतळा तर शेजारीच उभा आहे! म्हणून काही अभ्यासक म्हणतात, ती परत निघाली आहेत. एक स्त्री मागे वळून पाहते. सुख सरतं, हे वातोला ठाऊक होतं. तो स्वतः १७२१मध्ये छत्तिसाव्या वर्षी गेला.

पुढे राजाची प्रेयसी मादाम द्यु बारी हिनं फ्रागोनारकडून प्रेमाची चित्रमालिका करून घेतली आणि १७७३मध्ये परतही पाठवली. अभिरुची बदलली होती. १७९३मध्ये तिचा गिलोटिनखाली शिरच्छेद झाला. आश्रयदाते गमावलेला फ्रागोनार १८०६मध्ये जवळजवळ विस्मृतीत वारला.

ते झोपाळ्याचं चित्र कधी पाहिलंत, तर तरुणीचं हसू जरूर पाहा. पण सावलीत दोर ओढणाऱ्यालाही विसरू नका. झोका उंच जातो तो कुणाच्या तरी हातांच्या जोरावर.